तुमचे प्रश्न : सामुराईच्या घरचा जमाखर्च

ओकायामातल्या वास्तव्याबद्दल गेल्या अंकात लिहिलं होतं. नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही तिथे बरीच वर्षं राहिलो, आणि मी तिथल्या एका सार्वजनिक सभागृहात जुनी कागदपत्रं वाचायला शिकवणाऱ्या वर्गाला जात असे. पुण्यात मोडीचे वर्ग चालतात तसेच जपानात जुन्या वळणदार हस्ताक्षराचे वर्ग गावोगाव असतात आणि निवृत्त मंडळी तिथे मन लावून बसतात. त्या लेखावर आलेल्या बहुतेक पत्रांचा विषय एकच होता, सामुराई, म्हणजे जपानचा जुना लढवय्या वर्ग. म्हणून या वेळचं सदर त्यांनाच देते आहे.

साताऱ्याहून एक निवृत्त बँक कर्मचारी लिहितात : "अडीचशे वर्षं जपानात लढाईच झाली नाही म्हणता, तर मग एवढे सामुराई करत काय होते? आणि त्यांना पगार कोण देत होतं?"

हा प्रश्न मुद्दाम पहिला घेतला, कारण माझ्या मते सामुराई कळायला सुरुवात इथूनच करावी.

१६१५ मध्ये ओसाकाचा किल्ला पडला, १६३७-३८ मध्ये शिमाबाराचं बंड मोडून काढलं, आणि त्यानंतर थेट १८६० च्या दशकापर्यंत मोठं युद्ध झालं नाही. कमरेला दोन तलवारी आहेत, पण त्यांतली एकही कधी रणात उपसलेली नाही, अशा कितीतरी पिढ्या जगून गेल्या. बायकामुलं धरून हा वर्ग लोकसंख्येच्या पाच-सहा टक्के होता. तो खेड्यातून उठून किल्ल्याभोवतीच्या गावांत राहायला आला होता आणि राज्यकारभाराची कामं करत होता : करवसुली, बंधारे, कोठारं, दप्तर, पहारा. जागा कमी आणि माणसं जास्त, त्यामुळे पुष्कळांना पाळीपाळीनेच काम मिळे. नागोयाच्या असाही बुन्झाएमोन या सामुराईची रोजनिशी शिल्लक आहे. शंभर कोकू तांदूळ तनख्याचा हा माणूस, आणि त्याच्याकडे खातं होतं तातामी चटयांचं. १६८४ पासून १७१७ पर्यंतच्या त्याच्या नोंदींत दारू आहे, मासेमारी आहे, गावातल्या भानगडी आहेत, आणि सामुराईंना मनाई असतानाही लपूनछपून पाहिलेली नाटकं आहेत.

पगार धनी देई, म्हणजे त्या त्या संस्थानाचा दाइम्यो. शोगुनच्या, म्हणजे साऱ्या जपानवर सत्ता चालवणाऱ्या लष्करी सर्वेसर्वाच्या, खास माणसांना शोगुन. तो तांदळात मोजत. एक कोकू म्हणजे साधारण दीडशे किलो तांदूळ. हा तनखा घराण्याला बांधून दिलेला असे, बापाचा मुलाकडे जाई. पण महागाई वाढली म्हणून तो वाढत नसे. उलट धनी अडचणीत आला की नोकरांच्या तनख्यातला काही भाग 'उसना' म्हणून कापून घेई. एदोत, म्हणजे आजच्या तोक्योत, असाकुसाच्या सरकारी कोठारांजवळचे दलाल सामुराईंचा तांदूळ विकून देत आणि पुढच्या हंगामाच्या तांदळावर कर्जही देत. ही कर्जं इतकी साचली, की १७८९ मध्ये शोगुनच्या सरकारला त्यांतली जुनी कर्जं हुकूम काढून माफ करावी लागली. गरीब सामुराई घरी छत्र्यांना कागद चिकटवत, सोनेरी मासे वाढवत, फुलझाडं लावून विकत. ओकाचिमाची भागातल्या पायदळातल्या सामुराईंनी जोपासलेली आसागाओची निळी-जांभळी फुलं एदोत नावाजलेली होती.

या सगळ्याचा जिवंत पुरावा म्हणजे कानाझावाच्या इनोयामा घराण्याची वही. हे लोक कागा संस्थानात हिशेबनीस होते, त्यांची रोजीरोटी अबॅकसवर चाले. १८४२ मध्ये घरावरचं कर्ज वर्षाच्या मिळकतीच्या दुपटीवर गेलं. तेव्हा घरच्यांनी ठरवलं, की कपडे, चहाची भांडी, पुस्तकं, जे विकलं जाईल ते विकायचं, सावकारांशी बोलून हप्ते बांधून घ्यायचे, आणि इथून पुढे घरातला प्रत्येक पैसा लिहायचा. तो त्यांनी १८७९ पर्यंत लिहिला. त्यात दिसतं काय, तर चैन नाहीच. पैसा जातो तो नातेवाइकांच्या देण्याघेण्यात, लग्न-मयतीत, देवळांच्या दक्षिणेत, आणि दारात नोकर असलाच पाहिजे म्हणून ठेवलेल्या नोकरावर. सामुराई म्हणवून घेण्याचाच हा खर्च होता. घरातल्या लेकराच्या एका संस्काराला शुभकार्यात लागणारा ताई मासा परवडला नाही, तेव्हा पानात ताईचं चित्र मांडलं गेलं. ही कागदपत्रं २००१ मध्ये इतिहासकार मिचिफुमी इसोदा यांना तोक्योतल्या जुन्या पुस्तकांच्या दुकानातून मिळाली. इसोदा मूळचे ओकायामाचे, त्यामुळे आमच्या वर्गात त्यांचं नाव मोठ्या जिव्हाळ्याने निघायचं.

नागपूरहून : "सत्तेचाळीस रोनिनांची सूडकथा खरी, की नाटकवाल्यांनी रचलेली?"

खरी आहे. १७०१ मध्ये आको संस्थानाचा धनी असानो नागानोरी याने एदोच्या किल्ल्यात किरा योशिनाका या दरबारी अधिकाऱ्यावर हत्यार उपसलं. त्याच दिवशी त्याला पोट चिरून मरण्याची शिक्षा झाली. (ही सामुराईंसाठीची कायदेशीर शिक्षाच होती, कायद्यातून ती १८७३ मध्ये गेली.) संस्थान खालसा झालं, चाकरी गेली, त्याचे सामुराई रोनिन, म्हणजे बिनधन्याचे, झाले. त्याच्या सत्तेचाळीस माणसांनी १७०३ च्या जानेवारीअखेर किराचा वाडा गाठून त्याला मारलं आणि त्याचं शिर सेन्गाकुजी देवळात धन्याच्या समाधीपुढे ठेवलं. मार्चमध्ये शेहेचाळीस जणांना तीच शिक्षा झाली. तेरासाका किचिएमोन तेवढा तीतून वाचला. प्रसिद्ध नाटक आलं ते १७४८ मध्ये.

नाटकात जे येत नाही ते मला अधिक मोलाचं वाटतं. संस्थान बुडालं तेव्हा त्याने छापलेलं कागदी चलन बाजारात फिरत होतं. कारभारी ओइशी कुरानोसुके याने आधी ते लोकांकडून परत घेऊन दर्शनी किमतीच्या साठ टक्के रक्कम चुकती केली. सूडाचा विचार त्यानंतरचा. आणि सूडासाठी हाताशी होते सोन्याच्या नाण्यांत सुमारे ६९० र्‍यो. ते कुठे गेले याची ओइशीची वही हाकोनेच्या देवस्थानात आजही जपलेली आहे. क्योतो-एदो प्रवासाचे खर्च, उपाशी पडलेल्या सोबत्यांना मदत, धन्याच्या श्राद्धाचे पैसे, हत्यारं. जमेपेक्षा खर्च सात र्‍योंच्या आसपास जास्त झाला, तो ओइशीने स्वतःच्या पदरचा घातला आणि हल्ल्याआधी हिशेब धन्याच्या विधवेकडे पोचता केला. मरायला निघालेला माणूस शेवटची शिल्लक जुळवून जातो. त्याची निष्ठा मला तलवारीच्या हल्ल्यापेक्षा या पानांत जास्त दिसते.

कोल्हापूरचा एक महाविद्यालयीन विद्यार्थी : "बुशिदो हा सामुराईंचा लिखित नियमग्रंथ होता का? त्यातले सात गुण मोबाइलवर नेहमी फिरत असतात."

सर्व सामुराईंनी मानलेला असा एक ग्रंथ कधीच नव्हता. संस्थानांचे आपापले कायदे होते, घराण्यांची आपापली शिकवण होती. तुझ्या मोबाइलवर फिरणारे गुण बहुतांशी इनाझो नितोबे यांच्या पुस्तकातून आलेले आहेत. नितोबे मोरिओकाच्या सामुराई घरात १८६२ मध्ये जन्मले, म्हणजे तो वर्ग मोडला तेव्हा ते लहान मूल होते. पुढे ते शेतीशास्त्राचे अभ्यासक झाले, ख्रिस्ती क्वेकर झाले, आणि अमेरिकेत असताना त्यांनी ते पुस्तक पाश्चात्त्य वाचकांसाठी इंग्रजीत लिहिलं. पुस्तक सुंदर आहे. पण ते जगणाऱ्यांच्या हातचं नव्हे, मागे वळून पाहणाऱ्याचं आहे.

दुसरा ग्रंथ सांगतात तो 'हागाकुरे'. मरणाला सदैव तयार राहा असं बजावणारे त्याचे बोल सांगणारा यामामोतो त्सुनेतोमो सागा संस्थानातला, आणि त्याने एकही लढाई पाहिलेली नव्हती. १७०० मध्ये धनी वारला. धन्यामागे जीव द्यायला तोवर कायद्याने बंदी आलेली होती, म्हणून तो भिक्षू झाला, आणि झोपडीत बसून एका तरुणाला जे सांगत गेला ते १७१६ पर्यंत लिहिलं गेलं. चांगल्या, कडक काळाची हुरहुर लागलेल्या माणसाचं ते बोलणं आहे.

लढाई पाहिलेला माणूस हवा असेल तर ताकेझाकी सुएनागाकडे ये. हिगो प्रांतातला हा गरीब शिलेदार १२७४ मध्ये मंगोलांशी हाकाताला लढला, सर्वांत पुढे घुसला, घोडा जखमी झाला. बक्षीस काही मिळालं नाही. तेव्हा घोडे आणि खोगीर विकून वाटखर्च उभा केला आणि दक्षिणेकडच्या क्यूशू बेटावरून थेट कामाकुराची राजधानी गाठली. आदाची यासुमोरी या मोठ्या अधिकाऱ्यापुढे बसून त्याने आपली कामगिरी सांगितली आणि जमिनीचा अधिकार व एक घोडा पदरात पाडून घेतला. पुढे या सगळ्याची चित्रं काढवून घेतली. त्या गुंडाळ्या आज तोक्योत राजघराण्याच्या संग्रहात आहेत. मंगोलांचा हवेत फुटणारा बाँबगोळा त्यांत दिसतो, तसाच सुएनागा अर्ज घेऊन बसलेलाही दिसतो. शौर्य केलं, त्याची नोंद व्हावी आणि मोबदला मिळावा, यात त्याला कसलाच कमीपणा वाटला नाही. तो खरा सामुराई होता, आणि त्याचा अर्ज हा त्याच्या पराक्रमाचाच भाग होता.

फोंड्याहून : "जुन्या गोव्यात एक सामुराई शिकायला होता असं ऐकलं. खरं का?"

होय. आंजिरो त्याचं नाव, कागोशिमाचा. त्याचं घर सामुराईंचं होतं असं बहुतेक अभ्यासक मानतात. हातून माणूस मारला गेला म्हणून तो पोर्तुगीज जहाजावर चढून पळाला आणि १५४७ मध्ये मलाक्काला फ्रान्सिस झेवियरना भेटला. १५४८ मध्ये गोव्यात त्याचा बाप्तिस्मा झाला, नाव मिळालं पावलो द सांता फे, आणि जुन्या गोव्याच्या सेंट पॉल कॉलेजात तो शिकला. त्या कॉलेजची दगडी कमान अजून उभी आहे, तुम्ही तिच्यासमोरून अनेकदा गेला असाल. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात त्याने गोव्यातून रोमला पत्र पाठवून आपली सगळी हकिगत कळवली. १५ ऑगस्ट १५४९ रोजी झेवियर कागोशिमाला उतरले ते या आंजिरोला घेऊन. ज्या झेवियरसाहेबांच्या दर्शनाला आज बॉम जेझूला रांगा लागतात, त्यांना जपानची वाट दाखवणारा माणूस गोव्यात शिकलेला होता.

एवढंच नाही. १५८२ मध्ये क्यूशूच्या ख्रिस्ती दाइम्योंनी सामुराई घरांतली चार मुलं पोपच्या भेटीला पाठवली. जाताना आणि येताना दोन्ही वेळा ती गोव्यात थांबली. परतीच्या वाटेवर, १५८७ मध्ये, त्यांतल्या हारा मार्तिन्यो याने गोव्यात लॅटिनमधून भाषण केलं आणि पुढच्या वर्षी ते गोव्यातच छापलं गेलं. ही मुलं १५९० मध्ये नागासाकीला पोचली तेव्हा सोबत सुट्या खिळ्यांचं छापखान्याचं यंत्र होतं. त्यांच्या नशिबी पुढे काय आलं ते वाचून मला फार वाईट वाटतं : ख्रिस्ती धर्मावर बंदी आली, आणि नाकाउरा जुलियाओला १६३३ मध्ये नागासाकीत हालहाल करून मारलं.

रत्नागिरीची आठवीतली मुलगी विचारते : "मुली सामुराई होत्या का?"

सामुराई घरातल्या मुलींना नागिनाता शिकवत. लांब दांड्याच्या टोकाला वक्र पातं असलेलं हे हत्यार आजही जपानातल्या शाळांमध्ये मुली खेळ म्हणून चालवतात. तुला तीन मुलींबद्दल सांगते, तिघीही आइझु संस्थानातल्या, आणि साल १८६८. शोगुनची सत्ता जाऊन आलेल्या नव्या सरकारची फौज बंदुका-तोफा घेऊन आइझुवर आली होती.

नाकानो ताकेको विशीतली होती. तिने आई, बहीण आणि इतर बायकांसोबत नागिनाता घेऊन त्या फौजेवर चाल केली आणि गोळी लागून पडली. बहिणीने तिचं शिर शत्रूच्या हाती लागू दिलं नाही.

यामामोतो याएको तोफखान्याच्या शिक्षकाची मुलगी. तिने केस कापले, लढाईत मेलेल्या धाकट्या भावाचे कपडे चढवले आणि सात गोळ्यांची स्पेन्सर बंदूक घेऊन किल्ला लढवला. हरल्यावर ती क्योतोला गेली, तिथे नीजिमा जो यांच्याशी लग्न केलं, दोशिशा ही शाळा उभी करायला त्यांच्या बरोबरीने राबली. ती आज मोठं विद्यापीठ आहे. पुढे ती परिचारिका झाली आणि दोन युद्धांत जखमींची सेवा केली.

तिसरी तुझ्याहूनही लहान होती, आठ वर्षांची. यामाकावा सुतेमात्सु. किल्ल्यात पडणारे गोळे फुटण्याआधी त्यांच्यावर ओल्या गोधड्या टाकायच्या, हे काम बायका-मुलांकडे होतं आणि तीही त्यांत होती. तिची वहिनी त्यात गेली. तीन वर्षांनी ज्या सरकारने तिचा किल्ला जिंकला त्याच सरकारने तिला शिकायला अमेरिकेला पाठवलं. १८८२ मध्ये ती व्हासार कॉलेजातून पदवी घेऊन बाहेर पडली. अशी पदवी मिळवणारी ती पहिली जपानी स्त्री. तुझ्या प्रश्नाला माझं उत्तर या तिघी आहेत.

सांगलीहून : "कताना खरंच लोखंड कापते?"

नाही, आणि तसं करून पाहणाऱ्या सामुराईला तलवारीची किंमत कळत नाही असंच लोक म्हणाले असते. सुरुवातीचा सामुराई हा घोड्यावरचा धनुर्धारी होता. पुढे भाला आला, १५४३ मध्ये पोर्तुगिजांकडून तानेगाशिमा बेटावर बंदूक आली, आणि १५७५ च्या नागाशिनोच्या लढाईत ती किती प्रभावी आहे हे सगळ्यांनी पाहिलं. रणात तलवार शेवटचं हत्यार होती. दर्जाची खूण म्हणून ती मोठी झाली ती शांततेच्या काळात.

जळगावहून एक शेतकरी विचारतात : "या सगळ्यांचं शेवटी झालं काय?"

१८६८ नंतर संस्थानं गेली. १८७६ मध्ये एकाच वर्षी दोन घाव बसले : कमरेला तलवार लावायला बंदी आली, आणि वंशपरंपरागत तनखा बंद होऊन त्याबदली सरकारी रोखे हातात पडले. १८७७ मध्ये सात्सुमात साइगो ताकामोरींच्या नेतृत्वाखाली बंड झालं, ते सप्टेंबरात शिरोयामाच्या टेकडीवर संपलं. उरलेले शिक्षक झाले, पोलीस झाले, कारकून झाले; धंद्यात पडलेल्यांपैकी पुष्कळांचे रोखे बुडाले. इनोयामांचा मुलगा मात्र हिशेबात तयार होता म्हणून नव्या आरमाराच्या लेखा खात्यात चांगल्या पगारावर लागला.

तुम्ही शेतकरी आहात म्हणून माकिनोहाराची हकिगत सांगते. शोगुनचे काही खासे तलवारबहाद्दर त्याच्यामागोमाग शिझुओकाकडे आले होते. १८६९ मध्ये चूजो कागेआकी यांच्या पुढाकाराने त्यांतली दोनशेहून जास्त कुटुंबं माकिनोहारा नावाच्या ओसाड पठारावर गेली. पाण्याची वानवा, जमीन आंबट, हातात कुदळ कधी धरलेली नाही. त्यांनी रान साफ करून चहा लावला. चहाचं झुडूप लावल्यापासून हाती पीक यायला काही वर्षं जातात, तेवढा काळ त्यांनी कसाबसा काढला. १८७० मध्ये ओइ नदीवर होड्या सुरू झाल्या आणि प्रवाशांना खांद्यावरून पार नेणारे हमाल बेकार झाले, तेही याच पठारावर जमीन फोडायला आले. पुष्कळ सामुराई कुटुंबं कंटाळून निघून गेली, पण चूजो शेवटपर्यंत तिथेच राहिले. आज माकिनोहारा जपानच्या सर्वांत मोठ्या चहामळ्यांपैकी एक आहे.

पुण्याहून एक दांपत्य : "पुढच्या वर्षी ओकायामाला जायचा विचार आहे. सामुराईंच्या दृष्टीने काय पाहावं?"

तुम्ही सिंहगड रस्त्यावरच्या पु. ल. देशपांडे उद्यानात, म्हणजे पुणे-ओकायामा मैत्री उद्यानात, फिरला असालच. त्याचा मूळ नमुना ओकायामाचा कोराकुएन. दाइम्यो इकेदा त्सुनामासा याने तो १६८७ ते १७०० च्या दरम्यान त्सुदा नागातादा या आपल्या अधिकाऱ्याकडून घडवून घेतला. या त्सुदाची आणखी कामं नक्की पाहा. समुद्र मागे हटवून त्याने शेकडो हेक्टर भातशेती काढली, आणि सामान्यांच्या मुलांसाठी १६७० मध्ये सुरू झालेली शिझुतानी शाळा त्यानेच बांधली. बिझेनच्या (हे या भागाचं जुनं नाव) लालसर भाजक्या कौलांचं तिचं वर्गगृह राष्ट्रीय ठेवा आहे, त्याच्या गुळगुळीत फरशीवर बसून मुलं अजून पाठ म्हणतात. अशा सामुराईवर कोणी सिनेमा काढत नाही, मला मात्र ओकायामात सर्वांत आदर वाटला तो त्याचा.

शहरात हायाशिबारा संग्रहालयात इकेदा घराण्याच्या वस्तू आहेत. घराण्याचं दप्तर विद्यापीठाच्या ग्रंथालयात आहे. तलवारींसाठी ओसाफुनेला जा, जपानच्या राष्ट्रीय ठेव्यांतल्या तलवारींपैकी जवळजवळ निम्म्या बिझेनच्या लोहारांच्या हातच्या आहेत. सोळाव्या शतकातला नावाजलेला दाइम्यो उएसुगी केन्शिन याची 'सान्चोमो' ही तलवार सेतोउची या छोट्या गावाने लोकवर्गणी जमवून २०२० मध्ये पन्नास कोटी येनला विकत घेतली, ती इथल्याच संग्रहालयात आहे. ती वर्षभर मांडलेली नसते, तेव्हा तारखा आधी विचारून घ्या. संग्रहालय सोमवारी बंद असतं, आणि ठरावीक रविवारी लोहार भट्टी पेटवून काम करून दाखवतात. शक्य असेल तर रविवारच गाठा.